डेट्रॉईट कशामुळे ढासळलं? इतिहासकार थॉमस सुग्रू यांची पुस्तकं काय सांगतात

मे 2024 मध्ये अमेरिकेच्या जनगणना विभागाने एक छोटा आकडा जाहीर केला आणि मिशिगन राज्यात त्याची मोठी बातमी झाली. डेट्रॉईट शहराची लोकसंख्या वर्षभरात जेमतेम अठराशेंनी वाढली होती. एवढ्याचं काय कौतुक, असं कुणालाही वाटेल. पण 1957 नंतर या शहराची माणसं वाढल्याची ही पहिलीच वेळ होती. 1950 मध्ये इथे साडेअठरा लाख लोक राहत होते, मोटार कारखान्यांचं हे डेट्रॉईट अमेरिकेतलं पाचवं मोठं शहर होतं. 2020 च्या जनगणनेत सहा लाख एकोणचाळीस हजार उरले. त्याआधी 2013 मध्ये सुमारे 18 अब्ज डॉलरची देणी डोक्यावर घेऊन शहराने दिवाळखोरी जाहीर केली. अमेरिकेत कुठल्याही शहराची एवढी मोठी दिवाळखोरी तोवर झाली नव्हती.

हे कसं झालं, असं विचारलं की ठरलेली उत्तरं मिळतात. कुणी म्हणतं, 1967 च्या दंगलीनंतर गोरे लोक शहर सोडून गेले. कुणी जपानी गाड्यांकडे बोट दाखवतं, कुणी कामगार संघटनांकडे, कुणी भ्रष्ट महापौरांकडे. यातल्या प्रत्येक उत्तरात थोडं तथ्य आहे, पण कुठल्याच उत्तराच्या तारखा जुळत नाहीत. तारखांचा हा घोळ ज्याने नीट सोडवला, त्या इतिहासकाराचं काम मराठी वाचकांपर्यंत पोहोचायला हवं असं मला मनापासून वाटतं. दर चार वर्षांनी अमेरिकेच्या निवडणुकीत मिशिगनचं काय होणार यावर आपल्याकडेही रात्र रात्र चर्चा होते, आणि त्या प्रश्नाचं उत्तर याच इतिहासात आहे.

## तारखा काय सांगतात

थॉमस सुग्रू यांचा जन्म डेट्रॉईटचाच, 1962 चा. त्यांचं 'द ओरिजिन्स ऑफ द अर्बन क्रायसिस' हे पुस्तक 1996 मध्ये आलं आणि 1998 मध्ये त्याला बॅनक्रॉफ्ट पुरस्कार मिळाला. अमेरिकी इतिहासलेखनात हा मोठा मान समजला जातो. पुस्तकाचं मुख्य म्हणणं सोपं आहे: 1967 ही या गोष्टीची सुरुवात नाही, तो तिचा शेवटचा भाग आहे. सुरुवात शोधायची तर 1940 च्या दशकात जावं लागतं, जेव्हा शहर अगदी भरात होतं.

23 जुलै 1967 ला पहाटे बाराव्या रस्त्यावरच्या एका बेकायदा गुत्त्यावर पोलिसांनी छापा घातला. तिथून भडका उडाला आणि पाच दिवस शहर जळत राहिलं. सैन्य बोलवावं लागलं. 43 माणसं मेली, त्यातली 33 कृष्णवर्णीय होती. सात हजारांवर लोकांना अटक झाली. ही घटना भयंकर होती, आणि तिच्यानंतर शहर सोडण्याचा वेग वाढला हेही खरं. पण 1950 ते 1960 या दशकातच डेट्रॉईटची लोकसंख्या पावणेदोन लाखांहून जास्त घटली होती. सुग्रूंनी मांडलेला आणखी एक आकडा तर डोळे उघडणारा आहे: 1947 ते 1963 या काळात शहरातल्या कारखान्यांमधल्या 1,34,000 नोकऱ्या गेल्या, आणि त्याच काळात काम करायच्या वयाची माणसं मात्र वाढली. तेव्हा दंगल झालेली नव्हती आणि जपानी गाड्याही अमेरिकेच्या रस्त्यांवर फारशा दिसत नव्हत्या.

## अमेरिकेत 'शहर' कुठे संपतं?

इथे एक गोष्ट समजून घेतल्याशिवाय पुढचं कळणार नाही. मुंबईत अंधेरी-बोरिवली ही उपनगरं असली तरी महापालिका एकच. अमेरिकेत तसं नसतं. तिथलं उपनगर ही बहुतेक वेळा पूर्ण वेगळी नगरपालिका असते. तिचे कर वेगळे, पोलीस वेगळे, शाळा वेगळ्या, घरबांधणीचे नियम वेगळे. डेट्रॉईटची हद्द 1920 च्या दशकानंतर वाढलेलीच नाही. तिच्या पलीकडे जे जे उभं राहिलं, त्याचा कर डेट्रॉईटच्या तिजोरीत येत नाही.

एकत्र कुटुंबातले कमावते भाऊ वेगळे झाले, त्यांनी शेजारीच नवी घरं बांधली, पण वाड्याचं कर्ज, गळकं छप्पर आणि म्हाताऱ्यांचं औषधपाणी मागे राहिलेल्यांच्या नावावर पडलं, अशी ही अवस्था. वेगळे झालेले रोज वाड्यावरूनच येतात-जातात, फक्त खर्चात त्यांचा वाटा नसतो.

आपले जे नातेवाईक 'डेट्रॉईटला असतात', ते बहुतेक ट्रॉय, नोव्हाय, कँटन किंवा फार्मिंग्टन हिल्सला राहतात. मोटार कंपन्यांमधल्या मराठी इंजिनीअरांची वस्ती मुख्यतः या उपनगरांतच आहे. म्हणजे आपण ज्याला डेट्रॉईट म्हणतो, ते बऱ्याचदा डेट्रॉईटच्या हद्दीबाहेरचं असतं.

## आधी कारखाने गेले

फोर्ड, जनरल मोटर्स आणि क्रायस्लर या तीन बड्या कंपन्यांनी 1947 ते 1958 दरम्यान डेट्रॉईट परिसरात 25 नवे कारखाने उभारले. पंचवीसच्या पंचवीस उपनगरांत. त्याची कारणं होती. जुने कारखाने बहुमजली होते, नव्या यंत्रांना लांबलचक एकमजली शेड लागत आणि तेवढी सलग जागा शहरात नव्हती. बाहेर कर कमी होते. शिवाय डेट्रॉईटमधली कामगार संघटना अतिशय बळकट होती. एका ठिकाणी संप झाला की अख्खं उत्पादन अडायचं, म्हणून कंपन्यांना काम विखरून टाकायचं होतं.

फोर्डने इंजिनाचं बरंचसं काम रूज इथल्या आपल्या अवाढव्य कारखान्यातून ओहायोत क्लीव्हलंडजवळच्या नव्या, यंत्रांनी चालणाऱ्या कारखान्यात नेलं. रूज हा हजारो कृष्णवर्णीय कामगारांचा आधार होता. पॅकार्डसारखी जुनी नामांकित कंपनी 1956 मध्ये डेट्रॉईटमधलं उत्पादन बंद करून मोकळी झाली.

याचा फटका सगळ्यांना सारखा बसला नाही. कृष्णवर्णीयांना मुळात भट्टीखाना, रंगकाम अशी अंग भाजणारी, फुप्फुसं खराब करणारी कामं दिली जात. कुशल कारागिरी शिकवणाऱ्या शिकाऊ उमेदवारीत त्यांना जवळजवळ प्रवेशच नव्हता. 'शेवटी आलेला आधी जाणार' या नियमाने कपातीतही तेच आधी बाहेर पडत. गोरा कामगार कारखान्यामागोमाग उपनगरात घर घेऊ शकत होता. कृष्णवर्णीय कामगाराला ते का जमत नव्हतं, हा सुग्रूंच्या पुस्तकाचा गाभा आहे.

## कर्ज कुणाला आणि भिंत कशासाठी

अमेरिकेत मध्यमवर्ग उभा राहिला तो घराच्या कर्जावर. 1934 मध्ये 'फेडरल हाउसिंग ॲडमिनिस्ट्रेशन', म्हणजे एफएचए, ही सरकारी संस्था निघाली. ती स्वतः कर्ज देत नसे. बँकेने दिलेल्या गृहकर्जाची हमी ती घेई, त्यामुळे बँका कमी व्याजावर, लांब मुदतीची कर्जं बिनधास्त देऊ लागल्या. साध्या कामगारालाही स्वतःचं घर परवडू लागलं.

पण हमी कुठल्या वस्तीला द्यायची याचे नियम होते, आणि ज्या वस्तीत कृष्णवर्णीय राहतात, किंवा जवळपास राहतात, ती वस्ती धोक्याची ठरे. 1933 मध्ये निघालेल्या दुसऱ्या एका सरकारी संस्थेने याच दशकात शहरांचे नकाशे रंगवले. हिरवा भाग उत्तम, लाल भाग घातक. त्यावरून या पद्धतीला 'रेडलायनिंग' म्हणतात. प्रत्यक्षात ते रंगीत नकाशे कर्ज नाकारायला थेट किती वापरले गेले यावर अभ्यासकांत वाद आहे. एफएचएने स्वतःच्या नियमांनी काय केलं, यावर मात्र वाद नाही.

ते पाहायचं असेल तर डेट्रॉईटच्या उत्तर टोकाला, एट माईल रोडजवळ एक भिंत अजून उभी आहे. सहा फूट उंच, एक फूट जाड आणि सुमारे अर्धा मैल लांब. 1940 च्या सुमारास एका बिल्डरला तिथे गोऱ्यांसाठी घरं बांधायची होती. शेजारी कृष्णवर्णीयांची जुनी वस्ती होती, म्हणून एफएचएने हमी नाकारली. 1941 मध्ये बिल्डरने दोन वस्त्यांच्या मधोमध ही भिंत बांधली. मग हमी मिळाली. भिंतीत ना दरवाजा, ना पहारा. कुणीही वळसा घालून पलीकडे जाऊ शकत होतं. तिचं काम कागदावर होतं. वस्ती 'वेगळी' आहे एवढं फाईलमध्ये दिसलं की पुरे. आज तिच्या काही भागावर तिथल्या रहिवाशांनी रंगवलेली चित्रं आहेत.

कर्ज न मिळणारी कृष्णवर्णीय कुटुंबं मग 'लँड कॉन्ट्रॅक्ट'वर घर घेत. म्हणजे विकणाऱ्यालाच दरमहा हप्ते द्यायचे, घर मात्र शेवटचा हप्ता फिटेपर्यंत त्याच्याच नावावर. हप्ते चुकले की घरही जाई आणि भरलेले पैसेही. हप्ता भरण्यासाठी मग पोटभाडेकरू ठेवायचे, दुरुस्ती पुढे ढकलायची. घरं लवकर मोडकळीला येत, आणि ती मोडकी घरं दाखवून शेजारचे गोरे म्हणत, बघा, हे लोक आले की वस्तीची काय दशा होते.

## 1949 ची महापौरपदाची निवडणूक

माझ्या मते पुस्तकातला सगळ्यात मोलाचा भाग हा आहे. डेट्रॉईट म्हणजे तेव्हा कामगार चळवळीची राजधानी. मोटार कामगारांच्या संघटनेचे हजारो गोरे सभासद राष्ट्रीय निवडणुकीत रूझवेल्ट आणि ट्रूमन यांना, म्हणजे डेमोक्रॅटिक पक्षाला, न चुकता मत देत. 1949 मध्ये संघटनेने महापौरपदासाठी जॉर्ज एडवर्ड्स यांना पाठिंबा दिला. ते स्वतः संघटनेत काम केलेले, सरकारी घरबांधणीच्या बाजूचे. समोर होते शहराचे खजिनदार अल्बर्ट कोबो. गोऱ्या वस्त्यांमध्ये सरकारी घरं येऊ देणार नाही, हा त्यांचा मुद्दा. कारण सरकारी घरं आली की कृष्णवर्णीय शेजारी येणार.

कोबो दणदणीत जिंकले, आणि त्यांना मतं दिली ती याच संघटनेच्या गोऱ्या सभासदांनी. सत्तेवर येताच त्यांनी प्रस्तावित 12 सरकारी गृहप्रकल्पांपैकी 8 रद्द केले. कारखान्यात तो माणूस कामगार म्हणून मत ठरवत होता, घरी आल्यावर घरमालक म्हणून. दोन्ही मतं एकाच माणसाची होती. अमेरिकेतला पुढच्या पन्नास वर्षांचा राजकीय बदल या एका वाक्यात येतो, असं मला वाटतं.

ही लाट आपोआप उसळलेली नव्हती. 1943 ते 1965 या काळात डेट्रॉईटच्या गोऱ्या घरमालकांच्या किमान 192 संघटना निघाल्या. नाव 'वस्ती सुधारणा', मुख्य काम कृष्णवर्णीयांना बाहेर ठेवणं. कुणी गोऱ्या वस्तीत घर घेतलंच तर खिडक्यांवर दगड, दारासमोर जमाव, आगी लावणं. महायुद्धानंतरच्या वीस वर्षांत अशा दोनशेवर घटना सुग्रूंनी नोंदवल्या आहेत. शाळेच्या इतिहासाच्या पुस्तकात यांचा मागमूस नसतो. 1967 मात्र सगळ्यांना पाठ असतं.

## 'पण घराची किंमत सांभाळणं हा गुन्हा आहे का?'

हा आक्षेप प्रामाणिक आहे, त्याला उत्तर द्यायला हवं. ज्या कामगाराने आयुष्यभराची कमाई एका घरात घातली, त्याला किंमत पडण्याची भीती वाटणं स्वाभाविक होतं. सुग्रूही त्या माणसांना राक्षस म्हणून रंगवत नाहीत. त्यांची भीती, त्यांची गणितं ते समजून घेतात.

पण ती भीती आली कुठून? कृष्णवर्णीय शेजारी आला की वस्ती धोक्याची, हे सरकारने नियमात लिहून ठेवलं होतं. नियमामुळे कर्ज आटे, कर्ज आटल्याने किंमत पडे, आणि किंमत पडली म्हणून नियम बरोबर होता असं वाटे. या भीतीवर दलालांनी पैसा केला. एखाद्या कृष्णवर्णीय बाईला पैसे देऊन बाळासह गोऱ्या गल्लीतून फिरायला लावायचं, मग घरोघरी जाऊन सांगायचं, 'आता विका, नाहीतर पस्तावाल.' घाबरलेल्या गोऱ्याकडून स्वस्तात घ्यायचं, दुसरीकडे कुठेच घर न मिळणाऱ्या कृष्णवर्णीयाला महागात विकायचं. याला 'ब्लॉकबस्टिंग' म्हणत. यात गोरा विकणाराही लुबाडला गेला आणि कृष्णवर्णीय घेणाराही.

## दक्षिण वाईट, उत्तर चांगली?

आपल्यालाही अमेरिकेचा वर्णभेद म्हटलं की दक्षिणेची राज्यं आठवतात. अलाबामा, मिसिसिपी, बसमधल्या वेगळ्या जागा. सुग्रूंचं 2008 चं 'स्वीट लँड ऑफ लिबर्टी' हे पुस्तक उत्तरेकडच्या लढ्याबद्दल आहे. दक्षिणेत भेदभाव कायद्यात ठळक अक्षरांत होता. उत्तरेत तो कर्जाच्या अर्जात, शाळेच्या हद्दीत, नोकरीच्या ओळखीपाळखीत होता. पाटी नसल्यामुळे तो पुसायचा कुठून हेच कळत नसे.

3 फेब्रुवारी 1964 ला न्यूयॉर्क शहरात साडेचार लाखांहून जास्त मुलं शाळेत गेली नाहीत. वेगळ्या आणि वाईट शाळांविरुद्ध हा बहिष्कार होता, आणि कृष्णवर्णीयांच्या नागरी हक्क लढ्यातल्या सर्वांत मोठ्या निदर्शनांत त्याची गणना होते. 1966 मध्ये मार्टिन ल्यूथर किंग शिकागोच्या गोऱ्या वस्तीतून घरहक्कासाठी मोर्चा घेऊन गेले तेव्हा त्यांना दगड लागला. अशी दगडफेक करणारी गर्दी आपण दक्षिणेतही पाहिली नव्हती, असं त्यांनी नंतर सांगितलं.

घर विकताना वर्णावरून नकार देणं बेकायदा ठरवणारा केंद्रीय कायदा 1968 मध्ये झाला. 1965 च्या नव्या स्थलांतर कायद्यानंतर अमेरिकेत गेलेल्या मराठी कुटुंबांना उपनगरात घर घेता आलं, ते या कायद्याच्या संरक्षणात. तो मिळवण्यासाठी ज्यांनी दगड खाल्ले, त्यांचं ऋण आपल्या अमेरिकेतल्या यशोगाथांमध्ये क्वचितच मान्य केलं जातं. ते व्हायला हवं.

## शाळांची हद्द आणि बदललेलं मतदान

1970 च्या दशकात प्रश्न आला शाळांचा. शहरात बहुतेक कृष्णवर्णीय मुलं, उपनगरांत बहुतेक गोरी. मुलांना एकत्र शिकवायचं तर शहर आणि 53 उपनगरी शाळा-जिल्हे (शाळा चालवणारे स्वतंत्र स्थानिक विभाग) मिळून योजना करा, असा आदेश खालच्या न्यायालयाने दिला. 1974 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो 5 विरुद्ध 4 मतांनी फिरवला. उपनगरांनी स्वतः भेदभाव केल्याचं सिद्ध झालेलं नाही, मग त्यांना या योजनेत ओढता येणार नाही, असा निकाल. न्यायमूर्ती थर्गुड मार्शल यांनी विरोधी मत लिहिताना बजावलं की अशाने आपली महानगरं दोन शहरांत विभागली जातील, एक गोरं आणि एक काळं. उपनगराची हद्द ही त्या दिवसापासून कायद्याने मान्य केलेली भिंत झाली, आणि ओलांडायला ती सहा फुटी भिंतीपेक्षा कितीतरी अवघड होती.

मतदानावर परिणाम दिसत होताच. वेगळेपणाचा उघड पुरस्कार करून देशभर नाव झालेले अलाबामाचे गव्हर्नर जॉर्ज वॉलेस 1972 मध्ये मिशिगनमधली डेमोक्रॅटिक पक्षांतर्गत निवडणूक जिंकले. डेट्रॉईटला लागून असलेल्या मॅकोम काउंटीत (काउंटी म्हणजे आपल्याकडच्या जिल्ह्यासारखा भाग) गोऱ्या मोटार कामगारांची मोठी वस्ती आहे. या काउंटीने 1960 मध्ये डेमोक्रॅटिक पक्षाच्या केनेडींना सुमारे 63 टक्के मतं दिली होती. 1984 मध्ये तिने रिपब्लिकन पक्षाच्या रेगनना 66 टक्क्यांच्या आसपास दिली. 'रेगन डेमोक्रॅट' हा शब्दप्रयोग या मतदारांमुळेच गाजला. पुढे मॅकोमने ओबामांना दोनदा निवडलं आणि 2016 पासून तीनही वेळा ट्रम्प यांना. 2016 मध्ये ट्रम्प यांनी मिशिगन जिंकलं ते 10,704 मतांनी; एकट्या मॅकोममध्ये त्यांची आघाडी सुमारे 48 हजारांची होती. 1949 चा तो घरमालक मतदार उपनगरात राहायला गेला, त्याची मुलं-नातवंडं तिथेच वाढली. मॅकोमचं प्रत्येक मत वर्णभेदाचं असतं असं म्हणणं अन्यायाचं होईल. ओबामांचे दोन विजय ते खोडून काढतात. पण शहराशी आपलं काही देणंघेणं नाही, ही भावना कुठे रुजली ते या इतिहासातून कळतं.

## 'मग महापौरांचा काहीच दोष नाही का?'

दोष आहे. क्वामी किलपॅट्रिक 2002 ते 2008 महापौर होते. 2013 मध्ये भ्रष्टाचारासाठी त्यांना 28 वर्षांची शिक्षा झाली. पण ते निवडून येण्याआधी, 2000 च्या जनगणनेतच, शहराची लोकसंख्या साडेनऊ लाखांवर आली होती, 1950 च्या जवळपास निम्मी. कोलमन यंग हे पहिले कृष्णवर्णीय महापौर. त्यांनी उपनगरांशी भांडून शहर बुडवलं असं आजही ऐकायला मिळतं. त्यांनी 1974 मध्ये सूत्रं हाती घेतली. 1970 पर्यंतच तीन लाखांहून जास्त माणसं कमी झाली होती. त्यांच्या वाट्याला शहर आलं ते कर देणारे कारखाने निघून गेल्यावर.

सुग्रूंच्या मांडणीवरही टीका झाली आहे. पहिल्या पुस्तकात नियम, बँका, कंपन्या इतक्या मोठ्या दिसतात की कृष्णवर्णीय लोकांनी स्वतः उभारलेल्या संस्था आणि लढे मागे पडतात, ही टीका मला पटते. दुसरं पुस्तक ती उणीव बऱ्याच अंशी भरून काढतं. शिवाय पहिलं पुस्तक 1967 पाशी थांबतं. त्यानंतरचा जागतिकीकरणाचा काळ, 2008 चं घरकर्ज संकट आणि आजचं सावरणारं डेट्रॉईट यासाठी दुसरीकडे वाचावं लागेल.

वाचायला घेणाऱ्यांनी पहिल्या पुस्तकातलं 1949 च्या निवडणुकीचं आणि घरमालक संघटनांचं प्रकरण आधी वाचावं. आकडेवारीची प्रकरणं मग सोपी जातात. आणि रिचमंड विद्यापीठाने ते जुने रंगीत नकाशे इंटरनेटवर सर्वांसाठी खुले केले आहेत. डेट्रॉईटचा नकाशा उघडून वाचताना शेजारी ठेवावा. प्रत्येक भागासोबत तपासनीसांनी केलेल्या नोंदीही तिथे वाचता येतात.